धगकाकूंची मागची फेरी

धगकाकूंच्या पावाला गावात तोड नव्हती आणि त्यांच्या तोंडालाही. जन्म भट्टीसमोर गेलेला, धग अंगात मुरलेली. नाव त्यावरूनच पडलं. गिऱ्हाइकाला आधी चार शब्द ऐकावे लागत, मग पाव मिळे. लोक दोन्ही मुकाट्याने घेऊन जात.

काकूंचा खरा राग मात्र एकाच माणसावर होता, आणि तो माणूस केव्हाच वारला होता. तो म्हणजे त्यांचे वडील. तरुणपणी काकूंना नकाशे काढायचे होते. नकाशा कचेरीत उमेदवारी मिळाली होती, पेटी भरून दाराशी ठेवली होती. आणि ज्या दिवशी वडील गेले त्याच संध्याकाळी त्यांनी मुलीला जवळ बोलावलं. "भट्टी तू चालव. तुला जमेल, मला माहीत आहे," एवढं सांगितलं आणि डोळे मिटले. मरणाऱ्या माणसाशी वाद कसा घालणार? काकूंनी पेटी रिकामी केली आणि बाह्या वर सारल्या. पुढे पिठाची पोती टाकायला येणाऱ्या एका बडबड्या माणसाशी लग्न झालं, मुलगा झाला, सून आली. तरी पीठ मळताना काकू त्या गोळ्याला बुक्के घालत आणि विचारत, "काय माहीत होतं हो तुम्हाला?"

त्यांच्या देशात म्हातारपणी प्रत्येकाला एक मागची फेरी मिळे. आपल्या आयुष्यातली एक दुपार निवडायची आणि तिथे तासभर बसून यायचं. काम सरकारी, तेव्हा नळजोडणीला लागतात तेवढे खेटे इथेही घालावे लागत. अट एकच, आपण कोण ते सांगायचं नाही. बहुतेक लोक स्वतःचं लग्न बघायला जात आणि हिरमुसून परत येत.

"आई, बाबांना भेटून या ना," सून म्हणाली. सासऱ्यांना जाऊन बरीच वर्षं झाली होती.

"त्यांच्याशी माझं काही राहिलेलं नाही. सगळं तेव्हाच्या तेव्हा बोलून घेतलंय," काकू म्हणाल्या. "माझं भांडण वडिलांशी आहे. भट्टी माझ्याच गळ्यात का मारली, ते विचारून येते."

त्यांनी वडिलांची शेवटची दुपार निवडली. त्या वेळी आपण स्वतः भट्टीवर असणार, घराकडे पाठ करून, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. मागच्या दाराने त्या आत शिरल्या. खिडकी अर्धी लोटलेली, उशाशी औषधाच्या बाटल्या, आणि खाटेवर वडील. वयाने त्यांच्याहून लहान. काकूंनी हे धरलंच नव्हतं.

"दवाखान्यातून आले," त्यांनी ठरवून आणलेली थाप मारली. "उशी सारखी करते."

त्या वाकल्या तशी बाही वर गेली. घरच्या भट्टीच्या दाराची कडी वाकडी होती. पावाचा पत्रा बाहेर ओढताना डाव्या हाताला, कोपराच्या जरा खाली, हमखास चटका बसे आणि डाग राही. वडिलांनी त्यांचं मनगट धरलं आणि आपला हात त्याला लावून बघितला. डाग जागच्या जागी जुळले. बाहेर पत्र्यांचा आवाज चालूच होता.

"कडी अजून बदलली नाहीस," ते म्हणाले.

काकूंनी अट पाळली.

"मी आज तिला सांगणार होतो," वडील दम खात म्हणाले, "की भट्टी विकून टाक आणि जा तुझ्या नकाशांकडे. पण तू तर चालवलीस. म्हणजे तुला जमलं."

काकू खाटेच्या कडेवर बसल्या. वडिलांनी सांगितलं म्हणून त्यांनी भट्टी चालवली. आणि त्यांनी चालवलेली दिसली म्हणून आता वडील तसं सांगणार. मग मुळात ठरवलं कोणी?

"बोल ना," वडील म्हणाले. "काय सांगू तिला? तू म्हणशील ते सांगतो."

'विकून टाक', एवढं म्हणायचा अवकाश होता. पेटी भरलेलीच राहिली असती. आणि पिठाची पोती दुसऱ्याच कुणाच्या दारात उतरली असती, मुलगा झालाच नसता. बाहेर एक पत्रा खाली आदळला आणि तरुण गळ्यातून एक कचकचीत शिवी आली. काकूंना त्या मुलीची फार दया आली. डोळे भरून आले, ते त्यांनी पुसले नाहीत.

"चालव म्हणून सांगा," त्या म्हणाल्या. "चिडेल ती. जन्मभर चिडेल. तुम्ही मनावर घेऊ नका."

वडिलांनी मान हलवली आणि तास संपेपर्यंत त्यांचा हात सोडला नाही.

घरी सून वाटच बघत होती. "विचारलंत? भट्टी तुमच्याच गळ्यात का मारली?"

काकूंनी पाण्याचा पेला घेतला, पण तोंडाला लावला नाही.

"मीच मागून घेतली," त्या म्हणाल्या.