मुकी ओळ

मी निवृत्त झालो त्या दिवशी शाळेनं मला शाल, नारळ आणि एक भाषण दिलं. भाषणात मोठ्या बाई म्हणाल्या, या मास्तरांच्या हाताखाली एकही मुलगी कधी बेसूर गायली नाही. मी मान डोलावली. खोटं नव्हतंच ते. ज्या बेसूर होत्या त्यांना मी गाऊच दिलं नव्हतं, आणि त्यात माझी स्वतःची मुलगी होती.

मी मोर्शीकडच्या माळ्याचा पोरगा. घरी वांगी, झेंडू आणि चार संत्र्याची झाडं. भजनी मंडळातल्या पेटीनं मला नादी लावलं आणि मी अमरावतीला एका गवयाच्या घरी चार वर्षं पाणी भरून, बाजार आणून, शिव्या खाऊन शिकलो. त्यांचं एकच सांगणं होतं : पेटी कोणासाठी हलत नाही, गळ्यानं पेटीकडे यायचं. ते मी गाठीला बांधलं. पुढे अकोल्याच्या एका मुलींच्या शाळेत गाण्याच्या मास्तराची जागा मिळाली. कच्ची जागा, वर्षावर्षानं वाढवायची. गावाकडे लोक म्हणत, "माळ्याचं पोट्टं आता वकिलाच्या पोरींले सूर शिकवून राह्यलं." ते कानावर आलं की माझं डोकं फिरे, आणि डोकं फिरलं की मी वर्गात आणखी कडक होई.

जागा पक्की होणं इन्स्पेक्शनवर होतं. दर हिवाळ्यात नागपूरहून इन्स्पेक्टरीण बाई येत आणि त्यांच्यापुढे वरच्या वर्गानं स्वागताचं पद म्हणायचं. वर्गातली प्रत्येक मुलगी गाण्यात उभी राहिलीच पाहिजे, हा त्यांचा नियम. चौतीस मुली, आणि त्यातल्या सात-आठ अशा, की त्यांनी तोंड उघडलं की बाकीच्यांच्या मेहनतीवर पाणी. मग मी तोड काढली. फरशीवर खडूनं एक रेघ ओढली. रेघेमागच्या मुलींनी सगळे शब्द पाठ करायचे, ओठ हलवायचे, आवाज मात्र काढायचा नाही. मुलींनी तिचं नाव मुकी ओळ ठेवलं. मला त्यात काही वावगं वाटलं नाही. गाणं चौतीस जणींचं दिसे आणि सव्वीस-सत्तावीस जणींचं ऐकू येई.

माझी एकुलती एक मुलगी त्याच वर्गात होती, अकरा वर्षांची. आम्ही जुन्या शहरात राहत होतो. घरात मेथी निवडताना, मोरणा नदीवर धुणं न्यायला आईबरोबर जाताना तिचं तोंड बंद म्हणून नसे. भुलाबाईच्या महिन्यात तर गल्लीतल्या पोरी तिलाच पुढे घालून घरोघर गाणी म्हणत हिंडत. पण शाळेत पेटीवर स्वागताचं पद सुरू झालं, की अंतऱ्यातल्या वरच्या षड्जाला ती पोचेना. कणभर खाली राही. मी तिला सर्वांत आधी रेघेमागे उभं केलं. आता दुसऱ्या कुठल्या बापाला बोलायला जागा उरली नाही. माझी न्यायबुद्धी माझी मलाच फार आवडली.

एकदा तालमीत ती भान विसरून गायली. मी पेटी थांबवून विचारलं, "कोण ते?" कोण ते मला ठाऊक होतं, वर्गालाही ठाऊक होतं. तिनं हात वर केला. मी म्हणालो, "तुला देवानं गळा दिला तो बोलायला. गायला दिलेला नाही." मुली हसल्या. त्यांच्याबरोबर मीही हसलो, हे लिहायला अजून जड जातं.

इन्स्पेक्शन छान झालं. एकही आवाज ओळ सोडून गेला नाही, असा शेरा बाईंनी लिहिला आणि माझी जागा पक्की झाली. मी पेढे आणले. तिनंही एक खाल्ला.

पुढच्या भुलाबाईला ती पोरींबरोबर गेली, पण नुसत्या टाळ्या वाजवून परत आली. चार दिवस असंच चाललं तेव्हा बायकोनं मला गाठलं.

"अवो, पोरीनं गानं काहून सोडलं? काय म्हनलं तुमी तिले?"

"शाळेतलं शाळेत राहू दे," मी म्हणालो.

"ते तर घरी आलं न," ती म्हणाली आणि चुलीकडे वळली.

चौदाव्या वर्षी पोरीचं लग्न झालं. हिवरखेडचं शेतकरी घर, काळी जमीन, माणसं चांगली. दुसऱ्या वर्षी ती पहिल्या बाळंतपणाला आमच्याकडे आली. मुलगी झाली. बाळाला थोपटायची माझी पोर, पण गाणं म्हणे तिची आई. मी एकदा सहज म्हणालो, "अवं, तू म्हन न एखादं."

"मले नाई येत, बाबा. मी मागच्या ओळीतली."

तिच्या बोलण्यात राग नव्हता. कोणी आपलं गाव सांगावं तसं तिनं ते सांगितलं. मी टोपी घालून शाळेत निघून गेलो.

पाचव्या दिवशी तिला ताप भरला. बाळंतिणीचा तो ताप त्या काळी घरोघर ठाऊक होता. डॉक्टर आले, औषध देऊन गेले, दारात माझ्याशी बोलताना त्यांनी नजर चुकवली. आठव्या दिवशी सकाळी मी ओसरीवर बसलो होतो, तेव्हा आतून गाणं ऐकू आलं. स्वागताचं पद. पाच वर्षांपूर्वीचं, शब्द न् शब्द, तापाच्या ग्लानीत आणि मोकळ्या गळ्यानं. मी ऐकत होतो. अंतरा आला. वरचा षड्ज आला. ती त्याच्यावर नीट जाऊन उभी राहिली, केसभरही खाली नाही.

मास्तराची खोड, मी ओसरीवरच्या पेटीवर, आत ऐकू जाणार नाही इतक्या हळू, तिचा सूर शोधला. काळी तीन. वर्गाला मी काळी पाचवर गायला लावी, कारण त्या उंच पट्टीत पुढच्या ओळीचे गळे खणखणीत वाजत. माझी पोर बेसूर कधीच नव्हती. तिची पट्टी तेवढी खाली होती. पेटीवर बोट जरा डावीकडे सरकवायचं होतं, आणि ते मला इतक्या वर्षांत सुचलं नव्हतं. रेघेमागच्या बाकीच्या पोरींचं काय होतं, देव जाणे.

मला त्या क्षणी आनंद झाला, लाज वाटते पण झाला. वाटलं, तिच्याजवळ बसावं, तिच्या पट्टीत साथ करावी. मी पेटी उचलून आत नेली, तिच्या उशाशी ठेवली आणि काळी तीनवर षड्ज धरला.

पेटीचा आवाज येताच तिनं डोळे उघडले. पेटीकडे पाहिलं. तिचा आवाज थांबला. ओठ मात्र हलत राहिले.

"गा, माय," मी म्हणालो, "मोठ्यानं गा. मी तुझ्याच सुरात धरलं हाय."

तिनं उरलेला अंतरा तसाच पुरा केला, ओठांनी, एकही शब्द न गाळता. मी भाता बंद केला, पेटी बाहेर नेली, पुन्हा आत आलो. आवाज परत आला नाही. बायको पाणी घेऊन आली आणि वाकून तिच्या तोंडाकडे बघू लागली.

"काय म्हनून राह्यली ते? मले ऐकू नाई येत."

"शाळेतलं गानं हाय," मी म्हणालो.

दिवेलागणीच्या आधी ती गेली.