अजून आवाज नाही

नवीन मुलगा मैदानावर आला की सर त्याला जवळ बोलवायचे, त्याचं डोकं धरून कान आपल्या उजव्या खांद्यावर टेकवायचे आणि हात हळूहळू फिरवायचे. आतून कटकट आवाज यायचा, जुन्या गिरणीचा पट्टा सरकल्यासारखा.

"ऐकू आलं?"

"हो सर."

"आता ज्याला घरी जायचंय त्यानं जावं."

दोघंतिघं खरंच जायचे. उरायचो ती आमची बेसबॉलची टीम. तुम्हीही असा एखादा माणूस पाहिला असेल, जो स्वतःची मोडतोड दाखवूनच ओळख करून देतो. मला हे नीट सांगता येईल का, माहीत नाही. प्रयत्न करतो.

सर मूळचे क्रिकेटवाले. तरुणपणी उल्हासनगरच्या टेनिस बॉलच्या स्पर्धांत वेगानं टाकायचे, पण कोपर वाकायचं. एका सामन्यात माईकवरचा माणूस सगळ्यांदेखत म्हणाला, "भाई, ही बॉलिंग आहे की गोफण?" प्रेक्षक ओरडायला लागले, "फेकी! फेकी!" अंपायरनं ओव्हर अर्ध्यात थांबवून त्यांना बाहेर काढलं. मैदानाबाहेर एका अनोळखी माणसानं त्यांच्या खांद्यावर हात ठेवून सांगितलं, ज्याला इथे फेकी म्हणतात त्याला आमच्या बेसबॉलमध्ये पिचर म्हणतात. ते तिकडे वळले, राज्याकडून खेळले. त्यांचे कोच "अजून एक टाक" म्हणत राहिले आणि हे टाकत राहिले. मग खांदा गेला. खेळावर मिळेल म्हणून वाट पाहिलेली नोकरी आलीच नाही.

आमच्या वेळी ते दुपारपर्यंत उल्हासनगरच्या कॅम्प दोनमधल्या पडद्यांच्या दुकानात असायचे आणि नंतर आमच्या कॉलेजात. सेठ वरच्या फळीवरचा तागा मागायचा तेव्हा डाव्या हातानं काढायचे. केसही डाव्या हातानं विंचरायचे, त्यामुळे भांग कायम वाकडा. त्यावर हसायची आमची हिंमत नव्हती.

कारण सर दुष्ट होते. दुसरा शब्द मला सापडत नाही. एका मुलाच्या वडिलांनी हप्त्यावर नवा ग्लोव्ह घेऊन दिला होता. सरांनी तो काढायला लावला आणि उघड्या हातावर बॉल झेलायला लावले. "आधी हात, मग चामडं." त्याचे तळवे सुजले. दुसऱ्या दिवशी तो आला नाही, तेव्हा सर म्हणाले, "बरं झालं, ग्लोव्ह तरी नवा राहिला." आम्ही हसलो. न हसणाऱ्याला मैदानाला चकरा होत्या.

मला ते 'सरकार' म्हणायचे, सरकारी नोकरीच्या नादावरून. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिला. वडील अंबरनाथच्या एका कंपनीत ठेकेदाराकडे. बेलवलीतल्या आमच्या खोलीत एकच बोलणं असायचं, पोलीस भरती. धावण्यात मी बरा होतो, आणि पिचिंगमुळे हात असा झाला होता की सरावात गोळाफेकीचा गोळा पूर्ण गुणांच्या रेघेपलीकडे पडायचा. त्या गोळ्यावर आमचं घर उभं राहणार होतं.

कॉलेजांच्या स्पर्धेत आम्ही फायनलला पोचलो आणि त्याआधीच माझा खांदा दुखायला लागला. मी सरांना सांगितलं, "सर, पुढच्या महिन्यात भरतीय. गोळा आहे."

"गोळा पुढच्या महिन्यात ना, सरकार? बॉल आज आहे."

सामन्याच्या मध्यात खांद्यात काहीतरी सरकलं. आमचा कॅचर जितू सिंधी. माझा प्रत्येक बॉल त्याच्या हातात संपायचा, त्यामुळे त्याला लगेच कळलं. तो धावत सरांकडे गेला.

"सर, इसका बॉल हल्का आ रहा है. निकालो इसको, हाथ जाएगा."

"तू कॅचर है या डॉक्टर?"

सर माझ्याकडे आले. सगळ्यांसमोर वाकून त्यांनी माझ्या खांद्याला कान लावला. "फिरव." मी हात फिरवला. दुखण्यानं डोळ्यांत पाणी आलं. ते सरळ झाले.

"अजून आवाज नाही. टाक."

मी टाकत राहिलो. प्रत्येक बॉलनंतर बाहेरून ऐकू यायचं, "अजून एक, सरकार." आम्ही जिंकलो. कप धरायला मला हात वर करता आला नाही.

चार दिवसांनी सर घरी आले. हातात फडक्याची पुरचुंडी, तिच्यात नदीची वाळू. आईला म्हणाले, "वहिनी, तवा ठेवा." वाळू तापवली, डाव्या हातानं माझा खांदा शेकत बसले. कुठे दाबायचं, कुठे नुसतं टेकवायचं, त्यांना सगळं ठाऊक होतं. मग ते रोज दुकान सुटलं की यायचे. चहा घ्यायचे, माफी मात्र मागितली नाही.

आई एकदा तव्याकडे बघतच म्हणाली, "ज्यानं मोडला त्यानंच शेकायचा, ही कुठली रीत?"

सर म्हणाले, "माझा मोडला त्यानं शेकलाही नव्हता, वहिनी."

आईनं चहाचा कप त्यांच्यापुढे जरा जोरात ठेवला.

मी एकदा धीर करून विचारलं, "सर, हात जाणार हे तुम्हाला माहीत होतं ना?"

"होतं."

"मग?"

"जिंकत होतो ना आपण." पुरचुंडी खांद्यावरून मानेकडे सरकवत ते म्हणाले. आवाज अगदी मऊ होता. त्याचाच मला जास्त राग आला.

भरतीच्या दिवशी मी धावलो चांगला. गोळा मात्र रेघेच्या खूप अलीकडे पडत राहिला. मोजणारा हवालदार दयेनं म्हणाला, "काय रे, जेवला नाहीस का?"

फाटकाबाहेर सर उभे होते. दुकानातून तसेच आलेले, शर्टावर पडद्यांच्या जरीचे धागे. कितीवर पडला, त्यांनी विचारलं नाही. जवळ आले, वाकले, माझ्या खांद्याला कान लावला.

"फिरव."

मी फिरवला. आता मलाही ऐकू येत होता, कटकट, कटकट.

"ऐकू आलं?" मी मुद्दाम त्यांच्याच आवाजात विचारलं.

त्यांनी बराच वेळ कान उचलला नाही. बाजूने भरतीची पोरं जात होती, काही हसत होती. मग ते सरळ झाले, डाव्या हातानं माझ्या छातीवरचा वाकडा झालेला नंबर नीट केला आणि रस्त्याकडे निघाले.

त्यानंतर ते कॉलेजात आले नाहीत, दुकानातही नाहीत. टीम बंद झाली. कप अजून कॉलेजच्या ऑफिसातल्या कपाटात आहे. मला शेवटचे आठवतात ते त्या दिवशीचे, असे: रस्त्यावर रिक्षा थांबवायला त्यांनी चुकून उजवा हात उचलला, तो छातीपाशीच अडला, तेवढ्यात रिक्षा पुढे निघून गेली.