दिवस मावळेपर्यंतचा बैल

किशन गेल्याचं कळलं तेव्हा मी दुकानात एका बाईला शेंगदाणे मोजून देत होतो. फोन त्याच्या मुलाचा होता, नांदेडच्या दवाखान्यातून. "काका, बाबा गेले," एवढंच तो म्हणाला. मी बाईला शेंगदाणे दिले, पैसे घेतले, सुट्टे परत केले आणि मग मला रडू आलं. किशन असता तर म्हणाला असता, "वाण्याचा जीव, आधी हिशोब, मग दुःख." साठ वर्षांची दोस्ती होती आमची. पाटलाच्या घरचा किशन आणि शेट्यांच्या घरचा मी मन्मथ, मुखेडच्या शाळेत एका बाकावर बसलो. पुढे तो इतिहासाचा मास्तर झाला, मी वडिलांच्या किराणा दुकानात बसलो, आणि रोज संध्याकाळी तो माझ्या दुकानापुढच्या बाकड्यावर यायचा ते परवापरवापर्यंत.

त्याला जुन्या जमिनींच्या कागदांचं वेड होतं. सनदा, इनामपत्रं, पडीक रान लागवडीला आणणाऱ्याला निजामाच्या काळात दिलेले कौल... कोण कुठून येऊन कुठं वसलं हे त्यातून शोधायचं, एवढाच त्याचा छंद. रजा मिळाली की हा हैदराबादला दफ्तरं चाळायला. बायकोला चारमिनार दाखवतो म्हणून नेलं आणि दिवसभर दफ्तरखान्याच्या पायरीवर बसवून ठेवलं, हे सुमनवहिनी अजून सांगतात. लातूर, देगलूर, रेणापूर, कुठून कुठून लोक त्याच्याकडे यायचे, आमचं मूळ गाव कोणतं म्हणून विचारायला. हा त्यांना आधी जेवू घालायचा आणि मग त्यांचे कागद घेऊन बसायचा.

पण या वेडापायी त्याच्या हातून जी चूक झाली, तिच्यामुळेच तो मला जास्त आठवतो. आमच्या गावात पोळ्याला वेशीतल्या तोरणाखालून पहिला बैल त्या घराचा जातो, ज्या घरानं गाव वसवलं. पाटील म्हणत आम्ही, माझे वडील म्हणत आम्ही. आमच्या पूर्वजाला पेठ वसवल्याबद्दल जमीन इनाम मिळाली होती. दर पोळ्याला तोरणाखाली हमरीतुमरी व्हायची. शेवटी गावानं ठरवलं, कागद बघू, आणि किशन तेव्हा नवा मास्तर झालेला, म्हणून काम त्याच्याकडे दिलं. त्यानं दोन्ही घरांचे कागद पारावर मांडले. आमचा फारशीतला, त्यांचा मोडीतला. त्याला फारशी येत नव्हती, पण आकडे वाचता येत. आमच्या कागदावरचा सन त्यांच्यापेक्षा तीनने मोठा निघाला. म्हणजे पाटील आधीचे. माझे वडील पारावरून उठले. घरी आले, बैलाच्या पाठीवरची झूल काढून घडी करून ठेवली, आणि त्यानंतर कधी पोळ्याला वेशीकडे गेले नाहीत. मला वाईट वाटलं, पण किशनचा राग आला नाही. कागदच तसं म्हणतोय, तो तरी काय करणार?

त्यानंतर कैक वर्षं गेली. आमची बैलजोडी विकली गेली, वावरात ट्रॅक्टर आला, किशन निवृत्त झाला आणि म्हातारपणी फारशी शिकला. एकदा रेणापूरच्या एका घराण्याची वंशावळ तो लावत होता, तर मुलाची सनद बापाच्या सनदेआधीची निघायला लागली. दोन दिवस डोकं खाजवलं तेव्हा लक्षात आलं की एका कागदावर फसली सन आहे, दुसऱ्यावर हिजरी. फसली शेतसाऱ्याचा, सूर्याच्या चालीचा. हिजरी चंद्राचा, त्याचं वर्ष अकराएक दिवसांनी आखूड, म्हणून त्याचा आकडा भराभर पुढे पळतो. दोन्ही आकडे शेजारी ठेवून लहानमोठं ठरवता येत नाही. हे कळलं आणि त्याला लगेच आमचा पार आठवला.

भर दुपारी तो दुकानात आला, घामाघूम.

"मन्मथ, लई मोठी चूक झाली माझी. तुमचा कागद हिजरी हाय, आमचा फसली. तुमचं घर दोन वर्षं आधीचं हाय."

"जाऊ दे की आता. कुणाला सांगू नको," मी म्हणालो.

"पारावर चुकीचं सांगितलं, पारावरच खरं सांगावं लागतंय. अप्पा हायेत तवर सांगावं लागतंय."

अप्पा म्हणजे माझे वडील. तेव्हा नव्वदीला टेकले होते. किशननं खरोखर पारावर उभं राहून सांगितलं. त्याची भावकी महिनाभर त्याच्याशी बोलली नाही. गाव मात्र हसलं, कारण या हिशोबानं गावात आधी दुकान आलं आणि गिऱ्हाईक मागून. अडचण एकच होती, मान आमचा झाला पण आमच्या दारात बैलच नव्हता. मग किशननं स्वतःचाच बैल रंगवून, बेगड लावून आमच्या दारात आणून उभा केला. अप्पांनी ती जुनी झूल काढून बैलावर घातली. एका हातानं कासरा धरला, दुसरा हात किशनच्या खांद्यावर ठेवला आणि तोरणाखालून चालत गेले. त्या दिवशी अप्पा पोटभर जेवले. किशनचं माझ्यावर एवढं ऋण आहे, दुसरं काही नसतं तरी चाललं असतं.

अप्पा गेले तरी ती रीत राहिली. पोळ्याला तोरणाखालून फिरवून आणला की मी बैल किशनच्या गोठ्यात बांधायचो, कासरा त्याच्या खोलीतल्या खिळ्याला अडकवायचो आणि म्हणायचो, "घे रे, तुमचा बैल." तो कागदातून मान वर न काढता म्हणायचा, "दिस मावळूस्तोर तुमचाच हाय. बैस."

यंदा त्याच्या घरी वर्षभर सण नाही. मानाचा बैल निघणार नाही असंच मी धरून चाललो होतो. पोळ्याच्या दिवशी दुकान उघडून बसलो, तर समोरून सुमनवहिनी बैल घेऊन आलेल्या. शिंगं रंगवलेली, पाठीवर आमची झूल. ती मीच मागच्या वर्षी त्यांच्याकडे विसरलो होतो.

"वहिनी, औंदा कसं..."

"आमच्या घरी सण न्हाई, भाऊजी. पण ह्यो मान तुमच्या घरचा हाय. तुमचा सण कशापायी थांबवायचा?"

मी दुकान बंद केलं. बैल तोरणाखालून नेला, मारुतीला दाखवला, मंगलाष्टका झाल्या. किशनच्या भावकीतली सगळी माणसं मागून आली. संध्याकाळी बैल गोठ्यात बांधून किशनच्या खोलीत गेलो. टेबलावर त्याचं भिंग तसंच होतं. भिंतीवर त्याच्या हातची चिठ्ठी चिकटवलेली होती, पारावरच्या त्या दिवसानंतर त्यानं स्वतःसाठीच लिहिलेली... 'आधी सन कोणता ते बघ.' मी कासरा खिळ्याला अडकवला आणि सवयीनं म्हणून गेलो, "घे रे, तुमचा बैल."

आत चहा गाळता गाळता वहिनी म्हणाल्या, "दिस मावळूस्तोर तुमचाच हाय, भाऊजी. बसा."