राजमातेचे गुडघे

आम्ही चंडीगडला आलो तेव्हा नवऱ्याला सेक्टर तीसच्या प्रयोगशाळेत नोकरी होती आणि मला काहीच नव्हतं. मी फिजिओथेरपिस्ट. स्कूटर घेतली आणि घरोघरी जाऊन लोकांचे गुडघे-खांदे हलवायला लागले. तशीच एका राजमातेकडे पोचले.

डोंगरातलं त्यांचं संस्थान कधीच भारतात विलीन झालं होतं. राजेसाहेबही नुकतेच गेले होते. दरबार मात्र कोठीच्या, म्हणजे त्यांच्या इथल्या बंगल्याच्या, हॉलमध्ये चालूच होता. वडिलांची पगडी कोणी बांधायची, म्हणजे वारस कोण, यावरून दोघा मुलांचं बोलणं बंद होतं. राजेसाहेबांच्या म्हाताऱ्या सेक्रेटरींना घरात सगळे दिवाणजी म्हणत. ते धाकट्याला फितूर आहेत असा थोरल्याला संशय, म्हणून त्यांना कोठीत यायची बंदी होती.

राजमातेच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं. सकाळी मी त्यांना तलावावर चालायला नेई. तिथल्या एका बाकावर दिवाणजी आधीच बसलेले असत. पहिल्या दिवशी मला तो योगायोग वाटला.

थोरल्यानं मला बोलावून घेतलं. "आई त्यांच्याशी काय बोलते?"

"गुडघ्याबद्दल. आणि त्यांच्या मोतीबिंदूबद्दल."

"पगडीबद्दल?"

"नाही."

त्याला ते पटलं नाही. मग धाकट्यानंही तेच विचारलं. त्यालाही पटलं नाही.

एके दिवशी राजमातेनं दोघांना समोर बसवून सांगितलं, "मी दिवाणजींशी लग्न करतेय."

दोघे भाऊ बऱ्याच दिवसांनी एका सुरात बोलले. नाही म्हणाले. "राज्याच्या नोकराशी?" थोरला ओरडला.

"राज्य कुठे आहे, बेटा?" त्यांनी विचारलं. हरवलेल्या चष्म्याबद्दल विचारावं, तसं.

मी काठी धरून उभी होते. त्या मला म्हणाल्या, "चलो."

दिवाणजींचा फ्लॅट दुसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही. महिनाभर त्या माझ्याकडून जिने चढायला का शिकत होत्या, ते मला तेव्हा कळलं. अर्ध्यावर त्या थांबल्या. डोळ्यांत पाणी होतं.

"दुखतंय का?"

"नाही. घ्यायला खाली यायला हवं होतं त्यांनी."

दिवाणजी वर दारात कोट घालून उभे होते. कालच डोळ्याचं ऑपरेशन झालेलं, जिना उतरायची डॉक्टरांची मनाई. हे त्यांनी इतक्या अजिजीनं सांगितलं की राजमाता हसल्या.

लग्न नोंदणी पद्धतीनं झालं. साक्षीदारांत मी होते, मुलं नव्हती. पुढे दोघा भावांनीही वेगवेगळ्या दिवशी पगडी बांधली. नातेवाईक दोन्हीकडे जेवले.

वर्षभरानं, मी राजमातेचा गुडघा बघायला गेले होते तेव्हा, थोरला आला. दम खात दुसऱ्या मजल्यावर पोचला, आईच्या पाया पडला, दिवाणजींना नुसता नमस्कार केला. चहा झाल्यावर मला बाजूला घेऊन म्हणाला, "खांदा वर जात नाही माझा. काही करता येईल?"

मी त्याला हात वर करून दाखवायला सांगितलं.