दिंडोरीतल्या मांडवाखाली लंगडताना

घोटीला चहासाठी बस थांबली, तोवर माझा उजवा गुडघा पार आखडला होता. साडेसहा फुटाच्या माणसाला बसचं कुठलंच सीट पुरत नाही, आणि ठाण्यापासून मी पाय दुमडूनच बसलो होतो. खाली उतरलो तर टपरीवरचे सगळे माझ्या उंचीकडे बघायला लागले. मग काय, ताठ चालत गेलो, ताठ उभा राहून चहा प्यालो, ताठ परत आलो. सीटवर बसल्यावर मात्र डोळ्यांत पाणी आलं. तेरा वर्षं मी पैसे घेऊन बास्केटबॉल खेळलो. लोक बघत असताना लंगडायचं नाही, ही सवय अंगात मुरलेली.

गुडघ्याने खेळ थांबवला आणि पुढची दोन वर्षं मी घरात बसून काढली. मग कुणीतरी एका जाहिरातीत उंच माणूस म्हणून उभं केलं आणि अभिनयाचा नाद लागला. आता पहिल्याच सिनेमासाठी दिंडोरीला निघालो होतो. भूमिका होती द्राक्षबागेतल्या मुकादमाची, पाय अधू झाल्यामुळे ज्याचं काम सुटतं अशा माणसाची. दिग्दर्शिका मृण्मयी माझ्याहून दहा वर्षांनी लहान. तिने मला ऑडिशनला नाही, ऑडिशन संपल्यावर एकटाच लंगडत जिना उतरताना बघून निवडलं होतं. ‘‘अस्सं चालायचं, दादा. बाकी काहीही करू नका,’’ म्हणाली होती.

दिंडोरीत सकाळी चांगलीच थंडी होती. बागेत विरळणी (घडातले जादा मणी कात्रीने काढण्याचं काम) चालू होती. बायका हात वर करून तासन् तास उभ्या. द्राक्षाचा मांडव त्यांच्या बेताचा, माझ्या कपाळाला मात्र तार लागायची. कात्री धरायला शिकवायचं काम वेणूबाईंकडे होतं. ‘‘भाऊ, वाका जरा. तार नाय वाकायची तुमच्यासाठी,’’ त्या म्हणाल्या. दुपारी त्यांनी आपल्या डब्यातली भाकरी आणि ठेचा दिला. खाऊन कान गरम झाले.

मग शूटिंग सुरू झालं. मुकादम मांडवाखालून चालत येतो, एवढंच करायचं होतं. ‘‘ॲक्शन!’’ ऐकलं आणि मी सरळ चालत आलो. पुन्हा केलं, पुन्हा सरळ. मुद्दाम लंगडलो तर ते इतकं खोटं वाटलं की माझं मलाच हसू आलं.

‘‘दादा, चहाला जाताना तर लंगडत होतात!’’ मृण्मयीने कपाळाला हात लावला.

‘‘क्यामेरा लागला का पाय बरा व्हतो व्हय तुमचा?’’ वेणूबाईंनी विचारलं आणि सगळी बाग हसली. मीही हसलो, पण मनातून फार खजील झालो.

संध्याकाळी मृण्मयीने बाजूला घेतलं. ‘‘उद्या तुमचं काम नाही. परवा सकाळी शेवटचं बघू. नाही जमलं तर मला दुसरा माणूस घ्यावा लागेल, दादा.’’ तिला सांगताना वाईट वाटत होतं. खेळ गेलाच होता, आता हेही गेलं तर पुढे काय करायचं ते मला सुचत नव्हतं.

ही सवय मला कुणी लावली, ते मला ठाऊक होतं. ओझरच्या विमानांच्या कारखान्यात नोकरी करून संध्याकाळी कॉलनीतल्या कोर्टवर आम्हा पोरांना शिकवणारे खैरनार सर. ‘‘दुखणं समोरच्याला दाखवायचं नाही. दाखवलंस की तो त्याच पायावर येतो,’’ हा त्यांचा पहिला धडा. माझ्या शेवटच्या हंगामात ते आमच्या संघाचे प्रशिक्षक होते. अंतिम सामन्याच्या मध्यंतरात त्यांनी विचारलं, ‘‘पाय कसा आहे?’’ मी म्हणालो, ‘‘ठणठणीत, सर.’’ त्या भरवशावर त्यांनी मला उतरवलं. पाच मिनिटांत गुडघा गेला, सामना गेला. त्यानंतर सरांचे कितीतरी फोन आले. शरमेने मी एकही उचलला नाही.

दुसऱ्या दिवशी ओझरला गेलो. दाराची कडी सरांनीच काढली. मला बघून ते ताठ वळले आणि सावकाश खुर्चीपर्यंत गेले. तेवढ्यात आतून काकू ओरडल्या, ‘‘अहो, काठी!’’

‘‘काठी कसली? बस रे, श्रीधर,’’ सर म्हणाले. कपाळावर घाम आला होता.

काकूंनी उडदाचं घुटं (घोटलेली उडदाची आमटी) आणि भाकरी वाढली. जेवताजेवता मी सगळं सांगून टाकलं: मध्यंतरातलं खोटं, न उचललेले फोन, कॅमेऱ्यापुढे बरा होणारा गुडघा. सरांनी हातातला भाकरीचा तुकडा ताटात परत ठेवला.

‘‘समोरच्याला दाखवू नको म्हणालो होतो,’’ ते हळूच म्हणाले. ‘‘मी समोरचा होतो का रे?’’

काकूंनी पाण्याचा पेला पुढे सरकवला.

‘‘सर, तुम्हीही आत्ता काठी लपवलीत,’’ मी म्हणालो.

ते हसले. ‘‘गेल्या वर्षी खुबा मोडला. तुला सांगायलाच एकदा फोन केला होता.’’

निघताना सरांनी काठी घेतली आणि ऐकेचनात, मला हमरस्त्यापर्यंत सोडायला आले. सगळी कॉलनी बघत होती. आम्ही दोघं तेवढा रस्ता लंगडत, थांबत, गप्पा मारत गेलो. इतकं सुखाने मी कित्येक वर्षांत चाललो नव्हतो.

ठरलेली सकाळ उजाडली. ‘‘ॲक्शन’’ झालं. मांडवापलीकडे वेणूबाई कात्री धरून उभ्या होत्या. या काही समोरच्या संघातल्या नाहीत, यांच्यापासून काय लपवायचं, एवढंच मनात आलं आणि पाय जसा पडेल तसा पडू दिला. पुढे कॅमेरा बंद झाला, तेही मला कळलं नाही. वेणूबाई स्टूल घेऊन आल्या. ‘‘लय दुखतंय का ओ, भाऊ? बसा आधी.’’ मृण्मयी नुसती मान डोलावत डोळे पुसत राहिली. भूमिका माझीच राहिली.

चार दिवसांनी परतीची बस पुन्हा घोटीला थांबली. जाताना मला वाटत होतं, मी खेळ सोडून अभिनय शिकायला चाललोय. खरं तर मला अभिनय सोडायला शिकायचं होतं. तो मी कोर्टवर तेरा वर्षं करत आलो होतो. पायरी उतरत होतो तेवढ्यात फोन वाजला. सरांचा होता. पहिल्याच रिंगला उचलला.

‘‘पाय कसा आहे?’’ त्यांनी विचारलं.

टपरीवरचे लोक माझ्याकडे बघत होते.

‘‘दुखतोय, सर,’’ मी म्हणालो आणि लंगडत चहाकडे निघालो.