भाव सरकला तेव्हा

क्लिफ ओल्डरॉइडने आयुष्यात एक दिवस नोकरी केली नाही. चाळीस वर्षं यॉर्कशरच्या रेसकोर्सांवर घोड्यांवर पैसे लावून तो जगला, चांगला जगला, आणि त्या कमाईतून गड्याने घेतलं काय? हॅगशॉ टाऊन! गळक्या पत्र्यांचा, तळाला लोळणारा फुटबॉल क्लब. लहानपणी बापाच्या खांद्यावर बसून तिथले सामने पाहिले होते, एवढंच कारण. क्लबमालकाने फुटबॉलवर पैसे लावायचे नाहीत, हा नियम त्याने निमूट पाळला. सामन्यांवरच्या सट्ट्याचे भाव मात्र रोज सकाळी बघायचा. खोड जाते कुठे?

त्या हिवाळ्यात भावांची चाल बिघडली. संघ जाहीर व्हायच्या आधीच हॅगशॉचा भाव सरकायचा. कोण जायबंदी, कोणाला बसवलंय, हे बाहेर कळत होतं. सांगणारा आतलाच होता.

"मॅनेजरच तो," त्याचा जुना दोस्त मॉरिस म्हणाला. "नजरेला नजर देतो का बघ की."

मॉरिसचा शब्द क्लिफला पुरे होता. तीस वर्षं दोघं एकाच गाडीतून रेसकोर्सला गेले, एकाच थर्मासमधला चहा प्याले. क्लिफची बायको गेली तेव्हा शवपेटीला पुढून खांदा मॉरिसनेच दिला होता. क्लिफने मॅनेजरला काढून टाकलं. "पोरींची शपथ साहेब, मी नाही," म्हणत तो बिचारा ऑफिसातच रडला.

भाव सरकायचे काही थांबले नाहीत.

मग एका गुरुवारी क्लिफने मॉरिसला, फक्त मॉरिसला, सांगितलं, "शनिवारी टेरी गोलवर नाही. बोट मोडलंय. कुठे बोलू नकोस."

"मी कशाला बोलतोय लेका!"

टेरीची दाही बोटं धडधाकट होती.

आपला अंदाज चुकू दे, अशी प्रार्थना क्लिफने जन्मात पहिल्यांदा केली. शनिवारी नाश्त्याला बसल्यावर त्याने फोन उघडला. कुणीतरी हॅगशॉच्या विरुद्ध दाबून पैसे लावले होते, भाव पार बदलला होता. अंडं ताटलीत तसंच निवलं. घोड्याच्या नुसत्या चालण्यावरून त्याचं दुखणं ओळखणारा तो, आणि शेजारच्या सीटवरचा माणूस त्याला तीस वर्षांत कळला नव्हता. वर त्याच्या सांगण्यावरून एका निरपराध माणसाची भाकरी आपण काढून घेतली! त्याला मॉरिसपेक्षा स्वतःचीच जास्त किळस आली.

दुपारी मॉरिस नेहमीसारखा थर्मास घेऊन शेजारी येऊन बसला. दोन वाजता लाउडस्पीकरवर संघ वाचायला सुरुवात झाली. पहिलंच नाव टेरीचं.

चहा ओतणारा मॉरिसचा हात थांबला. तो क्लिफकडे वळला. त्याच्या डोळ्यांत निदान लाज तरी असेल, असं क्लिफला वाटलं होतं. तिथे नुसता राग होता.

"तू खोटं बोललास?" मॉरिस म्हणाला. "माझ्याशी, क्लिफ?"