तीन वाजताचा ऋत्विक

चौलकडून रेवदंड्याकडे येताना सुरूच्या झाडांमागे जे बंगले दिसतात, त्यांतल्या अकरा बंगल्यांच्या पाणी चढवायच्या मोटारी आणि इन्व्हर्टर मी बघतो. मालक वर्षातून वीसेक दिवस येतात. उरलेले तीनशे पंचेचाळीस दिवस तिथे जी माणसं राहतात त्यांची दखल कुणी घेत नाही, म्हणून मीच घेतो. मला लिहिण्याची सवय नाही, पण हे प्रकरण माझ्यामुळे बिघडलं आहे आणि ते पोटात ठेवून मला झोप लागत नाही.

निळ्या गेटच्या बंगल्यावर प्रफुल्ल असतो. त्याचं गाव रामराज खेड्याच्या पुढे, डोंगराच्या कुशीत, भातशेतीवालं. इथून गाडीने जेमतेम पाऊण तास. कागदावर तो केअरटेकर, बोलण्यात वॉचमन, आणि प्रत्यक्षात माळी, भंगी, स्विमिंग पूलवाला, कुत्र्यांना आंघोळ घालणारा असं सगळंच. बायको मनाली स्वयंपाक आणि झाडलोट बघते. बंगल्याचा एकच नियम आहे, घर एक मिनिटही रिकामं राहता कामा नये. सकाळी सातला आणि संध्याकाळी सातला गेटचा फोटो काढून शेठच्या ग्रुपवर टाकायचा. म्हणजे एकाने बाहेर जायचं तर दुसऱ्याने थांबायचं. सात वर्षांत हे नवराबायको जोडीने अलिबागला पिक्चरलासुद्धा गेलेले नाहीत. गेली तीन वर्षं तर सणावाराला दोघांनाही हलता येत नाही, कारण सण म्हटला की शेठ पाहुणे घेऊन हजर. जगाची सुट्टी ती ह्यांची ड्युटी.

शेठचा मुलगा ऋत्विक शिकायला कॅनडाला गेला. जाताना त्याचं ते टीव्हीला जोडून खेळायचं मशीन, कन्सोल म्हणतात ते, इथेच ठेवून गेला आणि प्रफुल्लला म्हणाला, "दादा, बंद राहिलं तर खराब होईल. रोज थोडं चालवत जा. हवं तर खेळ, पप्पांना मी सांगतो."

आता आमच्याकडे 'रोज थोडं चालवत जा' म्हणजे काय, हे सगळ्यांना पाठ असतं. जनरेटर रोज दहा मिनिटं चालवायचा, बोअरची मोटर आठवड्यातून दोनदा, नाहीतर जाम होते. प्रफुल्लने कन्सोललाही तोच न्याय लावला. पहिले दोन महिने हा पठ्ठ्या रोज दुपारी तीनला मशीन लावायचा, दहा मिनिटं समोर हात बांधून बसायचा आणि बंद करायचा. जनरेटरच्या नोंदवहीत नोंदसुद्धा करायचा, 'गेम चालू ३.०० बंद ३.१०'. मी ती वही पाहून पोट धरून हसलो होतो. मग मीच त्याला माइकवाला हेडफोन लावून दिला आणि म्हटलं, "अरे खुळ्या, खेळ तरी."

खेळ बंदुकांचा होता. तिघातिघांची टोळी करून दुसऱ्या टोळ्यांना टिपायचं. टोळीतली माणसं आपापल्या घरी बसलेली असतात आणि माइकवरून एकमेकांशी बोलतात. प्रफुल्लला नेमबाजी कधीच जमली नाही, पण त्याचे कान तिखट. सात वर्षं वाळूवरची चाहूल ऐकून कुत्रं कुठलं आणि माणूस कुठला हे ओळखायचं काम त्याने केलं होतं. तो हळूच सांगायचा, "भिंतीमागे एक हाय. बसलाय. आता उठंल." आणि तो उठायचाच. खारघरचा कुलदीप आणि वसईचा ओंकार असे दोघं योगायोगाने त्याच्या टोळीत आले आणि मग सोडेनात. रोज तीनच्या ठोक्याला ते वाट बघत असायचे. जरा उशीर झाला की ओंकार विचारायचा, "कुठे होतास, ऋत्विक? तू नसलास की आम्ही आंधळे."

कारण स्क्रीनवर नाव ऋत्विकचं होतं.

प्रफुल्लने ते नाव सांगितलं नव्हतं आणि नाकारलंही नव्हतं. रेवदंड्याजवळ समुद्राकाठी निळ्या गेटच्या बंगल्यात राहतो म्हणाला, तेही खरंच होतं. बोली गावची, म्हणून दोघं त्याला इथलाच शेठ समजले. तोवर खोटं तो फक्त एकदाच बोलला आणि तेही मी त्याच्यावर आणलं. मी दारातून हाक मारली, "प्रफुल्ल, टाकीत उतर जरा." ती माइकमध्ये गेली. कुलदीपने विचारलं, प्रफुल्ल कोण? तर हा म्हणाला, "वॉचमन हाय आमचा."

मी पुढे आठवडाभर त्याला सोडला नाही. "काय शेठ, तुमच्या वॉचमनला चहा टाकायला सांगा की." तो हसायचा. त्या दिवसांत तो खरंच हसायचा. मनाली मला म्हणाली होती, "भावजी, ह्यांना तीन वाजता कुनी तरी इच्यारतंय, बरं वाटतं. आपल्याला इथं इच्यारतो कोन? गेट इच्यारतंय."

श्रावणातल्या एका रविवारी मी इन्व्हर्टरच्या बॅटऱ्यांत पाणी भरायला गेलो होतो. प्रफुल्लने मला हाताला धरून टीव्हीसमोर नेलं. स्क्रीनवर कुलदीपचा निरोप होता, 'आम्ही दोघं रो-रोने मांडव्याला उतरलो, बाइक आहे, तासात तुझ्याकडे.' ते दोघं कधीपासून बंगला बघायला येतो म्हणत होते, पण पावसाळ्यात साध्या बोटी बंद आणि रस्त्याने भिजत कोण येतंय म्हणून मी दोन महिने निर्धास्त होतो, गाड्या वाहून आणणारी रो-रो बोट माझ्या ध्यानातच नव्हती. एकेक अक्षर शोधत प्रफुल्लने उत्तर लिहिलं, 'मी मुंबईला आलोय, सॉरी.' लगेच परत आलं, 'चालेल रे. बंगला बाहेरून बघू, पाणी पिऊ. तुझ्या प्रफुल्लला सांगून ठेव.'

"आता काय करू?" तो म्हणाला. "तोंड उघडलं की वळखतील. माझा आवाज सोडून त्यांना माझं काय म्हाईत हाय?"

मी म्हटलं, बघू. बघू म्हणणारा माणूस हमखास घोळ घालतो.

ते आले. दोघेही पंचविशीतले, भिजलेले, हसरे. ओंकार अंगाने बारीक, चष्मेवाला. गेट प्रफुल्लनेच उघडलं, दुसरं कोण उघडणार? कुलदीपने हेल्मेट काढत विचारलं, "प्रफुल्ल ना तू?" प्रफुल्लचे ओठ हलले. मी मागून ओरडलो, "त्याला बोलता येत न्हाय. जन्मापासून."

हे माझं कर्तृत्व. मित्राला वाचवायला गेलो आणि त्याची जीभच कापली.

मनालीने पायरीवर कोकम सरबत आणून ठेवलं आणि माझ्याकडे असं पाहिलं की तो घोट मला आजही उतरत नाही. कुलदीप बंगल्याचे फोटो काढत फिरू लागला. ओंकार मात्र प्रफुल्लजवळ पायरीवर बसला आणि हातवाऱ्यांनी विचारू लागला. किती वर्षं इथे? प्रफुल्लने सात बोटं दाखवली. गाव? त्याने डोंगराकडे हात केला. घरी कोण? त्याने पाठ वाकवून काठी टेकल्याचा हात केला. ती त्याची आई, तुळसाआत्या. मग ओंकारने दोन्ही हातांनी सोंड काढून दाखवली, गणपतीला जातोस ना घरी? प्रफुल्लने मान हलवली. नाही. तीन बोटं दाखवली. मग मनालीकडे बोट केलं, ओंजळ केली, ती डोक्यावर धरली आणि हात तसेच खाली सोडून दिले.

ओंकारला ते कळलं नाही. मला कळलं, आणि सांगावं लागलं. "त्यांच्याकडं गौर असते. पानवठ्यावरनं तेरड्याची गौर घरच्या सुनेनं आनायची. ही एकच सून. तीन सालं झाली, गौर शेजारीन आनते. म्हातारी दारात उभी ऱ्हाते आन शेजारनीचे पाय धुते."

सात वर्षांच्या दोस्तीत हे त्याने मला कधी सांगितलं नव्हतं, मला त्याच्या चुलतभावाकडून कळलं होतं. प्रफुल्लच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. तोंड बंद होतं म्हणूनच बहुतेक आलं. बोलता येत असतं तर 'चालायचंच' म्हणून त्याने विषय मिटवला असता.

निघताना ओंकारने त्याचे दोन्ही हात हातात धरले होते.

दुसऱ्या दिवशी तीन वाजता मी मुद्दाम गेलो. प्रफुल्लने आवाज टीव्हीवर घेतला, मला ऐकू यावं म्हणून. थोडा वेळ खेळ झाला. मग ओंकार म्हणाला, "ऋत्विक, राग मानू नकोस. तू चांगला माणूस आहेस. पण तुझ्या घरी एक मुका माणूस तीन वर्षं सणाला घरी गेलेला नाही. ह्या गणपतीला त्याला आणि त्याच्या बायकोला पाच दिवस सोड."

प्रफुल्लने हातातला रिमोट मांडीवर ठेवला.

"सोडशील ना?"

"सोडतो," प्रफुल्ल म्हणाला.

"शब्द?"

"शब्द."

त्याने मशीन बंद केलं. मी म्हटलं, सुट्टी देणारा तू कोण? तो म्हणाला, "ऋत्विकनं शब्द दिला. आता प्रफुल्लला मागावीच लागंल." आणि सात वर्षांत पहिल्यांदा त्याने सुट्टी मागायला शेठना फोन लावला. शेठ काही राक्षस नाहीत, दिवाळीला कपडे देतात, आजारपणाला डॉक्टर देतात. ते मनापासून हसले आणि म्हणाले, "अरे प्रफुल्ल, यंदा तर चाळीस माणसं आहेत. तूच नसलास तर गणपती कसा करू? पुढच्या वर्षी बघू." ह्याने 'व्हय शेठ' म्हटलं. त्या दोन शब्दांचा मला इतका राग आला की मी हातातला पाना आपटून निघून आलो.

गणपती आले. बंगल्यावर रोषणाई झाली, चाळीस माणसांनी पाच दिवसांत पाण्याच्या दोन मोटारी जाळल्या. गौरी आल्या त्या दुपारी मनाली दीडशे पोळ्या लाटत होती. पानवठ्यावर पुन्हा शेजारीणच गेली. विसर्जनानंतर सगळे गेले आणि मी मोटर उतरवायला गेलो तेव्हा तीन वाजायला आले होते.

प्रफुल्ल मशीनसमोर बसला होता. मी आधीच सांगून ठेवलं, "गेला होता म्हन. म्हातारी खूश झाली म्हन. दोन वाक्यांचं काम हाय."

"गौरीचं खोटं कसं बोलू?" तो म्हणाला.

मी हसलो नाही. आमच्याकडे माणूस बापाची खोटी शपथ घेईल, पण जी गौर घरी आणली नाही ती आणली म्हणणार नाही. वर्षभर घराला लागतं असं मानतात. आणि प्रफुल्लच्या घरी त्याची आई उरली होती तेवढीच.

आवाज आला. ओंकारने खेळाआधीच विचारलं, "प्रफुल्ल गेला होता?"

"न्हाय," प्रफुल्ल म्हणाला.

"म्हणजे?"

"सुट्टी न्हाय दिली. पावने होते."

मग कुलदीप म्हणाला, "भाई, तू शब्द दिला होतास."

"व्हय."

"पाहुणे होते म्हणून?" ओंकार ओरडला. "तो बोलू शकत नाही म्हणून तू त्याला दावणीला बांधून ठेवलंयस. त्याला तुझ्याकडे मागताही येत नाही. मी त्याच्या शेजारी बसलो होतो, ऋत्विक. तो रडत होता. तुझ्यासारखी माणसं पाहिली की मला किळस येते."

मी हाताने खुणावत होतो, सांग, आता तरी सांग. प्रफुल्लने नाही म्हणून मान हलवली.

"मला नाही खेळायचं ह्याच्याबरोबर," ओंकार म्हणाला. स्क्रीनवरून त्याचं नाव गेलं. कुलदीप थोडा रेंगाळला, "सॉरी यार, पण तो बरोबर बोलतोय," म्हणाला आणि त्याचंही नाव गेलं. वरच्या कोपऱ्यात एकटा ऋत्विक राहिला.

मी भडकलो. "सांगून का टाकलं न्हाईस? मीच प्रफुल्ल म्हनायचं. मुका मी म्हनालो, चूक माझी हाय म्हनायचं. मी बोललो असतो त्यांच्याशी."

"सांगितलं असतं तर दोघं बी गेलं असतं," तो म्हणाला. "ऋत्विक तर गेलाच. आन तो मुका प्रफुल्ल, ज्याच्यासाठी ते भांडले, तो बी लबाड निघाला असता. तो ऱ्हाऊ दे त्यांच्याजवळ. चांगला मानूस म्हनून ऱ्हाऊ दे."

मनाली दारात येऊन उभी होती, तिने सगळं ऐकलं होतं. प्रफुल्लने तिच्याकडे पाहिलं. त्याच्या तोंडावर मला राग दिसला नाही, दुःखही नीटसं दिसलं नाही. एक विचित्र अभिमान होता, आणि तो बघून मला तिथे उभं राहवेना.

"ऐकलंस का?" तो तिला म्हणाला. "आपल्या गौरीसाठी भांडले ते. आपल्यासाठी आजवर कुनी भांडलं न्हवतं गं."